एकसष्ट आवर्तनं गप्प

ओलोमोउत्सच्या सभागृहात, सगळ्यांच्या मागे, उंच पायरीवर
माझे तांब्याचे चार हंडे.
मोरावा नदीच्या हवेनं कातडं सर्दावतं,
म्हणून कान खाली नेऊन, हळूच टिचकी मारून
विचारावं लागतं एकेकाला : बरं आहे ना?

काम म्हणाल तर एकसष्ट आवर्तनं गप्प,
मग घोडा.

मूळ नाटक फार जुनं.
तुरुंगात नवरा, दारात राणी, माफीचा कागद,
आणि कागद घेऊन निघालेला निरोप्या.
तो पोहोचतो तेव्हा अंगणात उरलेला असतो
फक्त ओला भुसा.
पुढे कुणा संगीतकारानं, छातीत कफ आणि डोक्यात हे नाटक घेऊन,
त्यातले सगळे शब्द काढून टाकले.
राणी क्लॅरिनेटला दिली,
तुरुंगाचा दरवाजा चार हॉर्नना,
न्यायाधीश चेलोंच्या पोटात बसवले
आणि टापा मला.
वरातीमागून घोडं म्हणतात ना, ते मी.

ब्लाझेना त्याच नाटकात एकतीस वर्षं
रंगमंचाखालच्या पेटीत.
डोकं तेवढं वर, समोर मुठीएवढा दिवा.
प्रॉम्प्टर.
दुपारी आमच्याकडचं ते वासाचं चीज खाऊन जायची,
आणि राणी मॅनेजरकडे तक्रार करायची
की ऐन शोकाच्या प्रवेशात खालून
मोज्यांचा वास येतो.
निरोप्या व्हायचा ओल्ड्रिख. अख्ख्या नाटकात एक वाक्य,
आणि नेमकं तेच विसरायचा.
घोडं तिथेच पेंड खायचं.
मग पेटीतून, जेमतेम श्वासाइतकं :
‘पूल वाहून गेला होता.’

मी विचारायचो, जन्मभर दुसऱ्यांचं बोलून
कंटाळत नाहीस?
ती म्हणायची, तू तरी कुणाचं मोजतोस?

फेब्रुवारीत, लसूण सोलता सोलता,
तिची भाषा गेली.
आता ‘हो’ म्हणायचं असलं की म्हणते ‘चमचा’.
कधी कधी मलाही.
डॉक्टरीणबाई म्हणाल्या, शब्द आत आहेत सगळे,
यायला रस्ता नाही.

काल तालमीला घेऊन गेलो.
चौथ्या रांगेत बसवलं, गुडघ्यांवर शाल.
हॉर्न उघडले.
एक दोन तीन चार, दोन दोन तीन चार,
तीन दोन तीन चार...
सतराव्याला सहज वर पाहिलं,
तिचे ओठ हलत होते.

आवाज नाही. नुसते ओठ.
क्लॅरिनेटला राणीचं एकेक वाक्य देत होती,
हॉर्नना पहारेकऱ्यांची शिवी,
वाजायच्या अर्धा क्षण आधी श्वास घेऊन,
प्रॉम्प्टरनं घ्यावा तसा.
आणि वाजवणाऱ्यांना पत्ताच नाही
कोण सांगतंय त्यांना.

त्रेचाळीस झाली की चव्वेचाळीस?

चाळीस वर्षांत पहिल्यांदा
हातात दोन काठ्या आणि डोक्यात एकही आकडा नाही.
व्हायोलिनं थांबली.
रादोवानची छडी हवेत, भुवया माझ्याकडे.
नऊशे रिकाम्या खुर्च्या.
सगळे कुणाची तरी वाट पाहत होते
आणि तो कुणीतरी मी होतो, हे मला कळेना.

चौथ्या रांगेतून, स्वच्छ, जरा वैतागून :
‘पूल वाहून गेला होता.’

मग आल्या टापा.
उशिरा, ओल्या, दुसऱ्या हंड्याचा सूर किंचित उतरलेला.
रादोवाननं थांबवलं नाही.
व्हिओलावाल्या एकीनं मागे वळून पाहिलं
आणि पुन्हा कागदात डोळे घातले.

परतताना ट्राममध्ये तिला विचारलं,
ऐकलंस का, तू काय बोललीस?
ती काचेवरच्या वाफेत बोटानं
काहीतरी आखत होती, अक्षरं नव्हती ती.
थंडी वाजते का?
‘चमचा,’ म्हणाली.
मी शाल वर ओढून दिली.